पाच मायावी गोळे आणि तिसऱ्या प्रकरणातच कळणारा शेवट

प्रश्न थोडक्यात असा आहे. आर्णीकडच्या एका भावाने मायावी जगाची कादंबरी लिहायला घेतली आहे. त्या जगात पाच गोळे आहेत: पाण्याचा, आगीचा, वाऱ्याचा, स्मृतीचा आणि काळाचा. कापूस पिकवणाऱ्या घरातला मुलगा ते एकेक करून मिळवतो आणि शेवटी दुष्ट राजाला हरवतो. ज्या मित्रांना वाचायला दिलं त्यांनी तिसऱ्या प्रकरणातच शेवट ओळखला. आता विचारणं असं आहे की गोळ्यांची शक्ती वाढवावी, कमी करावी, की आणखी दोन गोळे घालावेत?

भाऊ, मी भंडारा जिल्ह्यात लाखांदूरकडे राहतो. धानाची शेती आहे, आणि बऱ्याच वर्षांपासून मुलांसाठी अशाच मायावी जगाच्या गोष्टी लिहितो. उन्हाळ्याच्या सुट्टीत गावातली पोट्टी जमवून त्या गोष्टी आम्ही खेळतोही. मी जग सांगतो, ती पात्रं होतात, आणि माझ्या नियमांत कुठे फट आहे ते पाच मिनिटांत हुडकून काढतात. त्या जोरावर सांगतो: तुमची अडचण शक्तीची नाहीच. तुमच्या सारांशात पाण्याचा गोळा देवळाच्या तळघरात शंभर वर्षं पडून आहे आणि वर गावात दुष्काळ आहे. मग गावकऱ्यांनी तो बाहेर का नाही काढला? कोणी अडवलं? नायक येईपर्यंत गोळ्याला काहीच काम नव्हतं, म्हणजे तो फक्त नायकासाठी ठेवला होता, आणि हे वाचकाला लगेच कळतं. शेवट ओळखू येतो तो यामुळे. गोळे सात केले तरी शेवट तितक्याच लवकर कळेल, फक्त पुस्तक जाड होईल.

आता हे सगळं परिस्थितीवर अवलंबून आहे, तेही सांगतो. अगदी लहान मुलांसाठी लिहीत असाल तर पाच गोळे, पाच संकटं, पाच विजय ही चाल चांगली चालते, मुलांना ती मोजदाद आवडते. खेळासाठी जग रचत असाल तर नियम काटेकोर लागतात, कारण समोरचा माणूस ते मोडून पाहणारच. कादंबरीत थोडी ढिलाई चालते. आणि सगळ्यात मोठा फरक पडतो तो संख्येने. साऱ्या जगात एकच गोळा असेल तर गोष्ट मालकीची आणि संशयाची होते. गावोगावी गोळे असतील तर गोष्ट वाटपाची आणि देखभालीची होते. तुमचे पाच आहेत, प्रत्येक प्रकारचा एक. म्हणजे तुम्ही पहिल्या वाटेवर आहात, पण गोष्ट त्या वाटेने नेत नाही.

पहिल्या वाटेचा आपल्याकडचा सगळ्यात पक्का नमुना स्यमंतक मण्याची कथा. सत्राजिताला सूर्याकडून मणी मिळतो. रोज आठ भार सोनं देतो, आणि जिथे त्याची पूजा होते तिथे दुष्काळ-रोगराई येत नाही. पण कथा पुढे कशी जाते पाहा. कृष्ण सुचवतो की मणी उग्रसेन राजाला द्यावा, सत्राजित देत नाही. त्याचा भाऊ प्रसेन मणी गळ्यात घालून शिकारीला जातो, सिंह त्याला मारतो, सिंहाला जांबवंत मारतो आणि मणी आपल्या पोराला खेळायला देतो. इकडे गावभर कुजबुज की कृष्णानेच चोरला. मग कृष्णाला स्वतःच्या नावावरचा डाग धुवायला गुहेत शिरावं लागतं. आठ भार सोनं कथेच्या या साऱ्या भागात पडद्याआडच आहे. पुढे येतो तो संशय. आणि जांबवंताच्या गुहेत तो मणी पोराचं खेळणं आहे, ही मला त्या कथेतली सगळ्यात मोलाची जागा वाटते. एकाच वस्तूची किंमत तीन घरांत तीन वेगळी. तुमच्या पाचही गोळ्यांना प्रत्येक हातात एकच किंमत आहे.

तर पहिलं काम: प्रत्येक गोळा आज, नायक येण्याआधी, कोणाच्या ताब्यात आहे आणि तो माणूस सकाळी उठून त्याचं काय करतो, हे लिहून काढा. कथेत नाही आलं तरी चालेल, तुमच्या वहीत हवं.

यासाठी मी गोळ्याचं अंग आधी ठरवतो, जादू नंतर. अंग म्हणजे आकार, वजन, पारदर्शक की काळा, थंड की कोमट. गारगोटीचा 10 सेंटीमीटर व्यासाचा भरीव गोळा धरला तर वजन साधारण 1.4 किलो भरतं. व्यास दुप्पट केला की वजन आठपट होतं, म्हणजे 20 सेंटीमीटरचा गोळा 11 किलोचा. तुम्ही पाण्याचा गोळा ‘कलिंगडाएवढा’ लिहिला आहे. तो 30 सेंटीमीटरचा धरला तर 37 किलोच्या आसपास जातो. एवढं ओझं झोळीत टाकून तुमचा चौदा वर्षांचा नायक रात्रभर जंगलातून धावतो. तो धावणार नाही, भाऊ. एक तर गोळा लहान करा, नाही तर त्याला बैलबंडी द्या. बंडी दिली की रस्ता लागतो, रस्ता आला की नाका येतो, नाक्यावर विचारणारा माणूस येतो, आणि एक अख्खं प्रकरण आपोआप उभं राहतं.

आणखी एक बारीक गोष्ट. गोळा खाली ठेवला की घरंगळतो. म्हणजे तो ठेवायला काहीतरी लागणार. माझ्या जगात गोळा राखणाऱ्या बाया कमरेला कायम एक चुंबळ बांधून फिरतात, हंड्याखाली घेतात तीच, जुन्या लुगड्याची पिळून केलेली. गोळा कुठेही टेकवायचा झाला की आधी चुंबळ, मग गोळा. कोणत्या घरात गोळा लपवला आहे हे शोधायला आलेली माणसं गोळा शोधतच नाहीत, चुंबळीचा गोल दबलेला ठसा शोधतात, शेणाने सारवलेल्या जमिनीवरचा. हा ठसा मी एका गोष्टीत घातला तेव्हापासून मुलं शक्तीबद्दल कमी आणि घरांबद्दल जास्त विचारायला लागली.

आगीच्या गोळ्याचं तर तुमच्याकडे सोन्यासारखं साहित्य आहे आणि तुम्ही ते वापरलं नाही. पारदर्शक भरीव गोळा उन्हात धरला की भिंगाचं काम करतो. किरण पलीकडे, गोळ्याच्या पृष्ठभागाच्या जवळच, एका बिंदूत एकवटतात. 10 सेंटीमीटरच्या काचेच्या गोळ्याचा तो बिंदू काचेपासून दोन-अडीच सेंटीमीटरवर पडतो. हवामान केंद्रांवर सूर्यप्रकाश मोजायचं एक जुनं यंत्र आहे ते यावरच चालतं. कॅम्पबेलने 1853 मध्ये त्याची मूळ कल्पना आणली, स्टोक्सने 1879 मध्ये ते सुधारलं. काचेचा गोळा, मागे वाकवलेली कागदी पट्टी. सूर्य सरकतो तशी पट्टीवर जळकी रेघ सरकते, ढग आला की रेघ तुटते. दिवस मावळल्यावर रेघेची लांबी मोजली की आज किती तास ऊन पडलं ते कळतं. यात जादू कुठेच नाही, तरी मायावी गोळा रचणाऱ्याने त्यातून दोन गोष्टी उचलाव्यात. एक, तो गोळा एकच काम करतो. दोन, रोज पट्टी बदलायला माणूस लागतो, आणि तो एक दिवस आला नाही तर त्या दिवसाचं ऊन नोंदीत राहत नाही.

आता हा गोळा तुमच्या कापसाच्या घरात नेऊन ठेवा. दिवाळीच्या आसपास वेचणी सुरू आहे, भाव चढेल म्हणून कापूस घरातच साठवला आहे, माजघरात छतापर्यंत ढीग लागला आहे. खिडकीत गोळा उघडा राहिला. मंत्र नाही, शत्रू नाही, फक्त दुपारचं ऊन. त्या घरात ‘गोळ्यावर फडकं टाकल्याशिवाय उंबरा ओलांडायचा नाही’ असा नियम पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला असेल, आणि नव्या सुनेला त्याचं कारण कोणी सांगितलेलं नसेल. मायावी जगातले विधिनिषेध असे जन्माला आले पाहिजेत. वाचकाला आधी अंधश्रद्धा वाटते, मग कारण कळतं, आणि मग त्या घराविषयी भरवसा वाटायला लागतो.

पाण्याच्या गोळ्यावर मी जरा जास्त बोलणार, कारण आमच्याकडे सगळं जगणंच पाण्याच्या वाटपावर उभं आहे. तुमचा गोळा ‘हवं तेवढं पाणी’ देतो. हे तीन शब्द खोडा आणि त्या जागी आकडा लिहा. धानाच्या एक एकर बांधीत, म्हणजे बांध घातलेल्या शेतात, 5 सेंटीमीटर पाणी उभं करायचं तर साधारण 2 लाख लिटर लागतं. तुमचा गोळा तासाला हजार लिटर देतो असं धरा, ऐकायला भरपूर वाटतं. तरी एका एकराला 200 तास, म्हणजे आठ दिवसांच्या वर. आणि रोवणा, म्हणजे धानाची लावणी, सगळ्यांचा एकाच वेळी येतो. पऱ्हे, म्हणजे लावणीची रोपं, तयार झाले की वाट पाहत नाहीत, जास्त दिवसांचे झाले की उत्पन्न घटतं. आता गावात चाळीस घरं आणि एक गोळा. पहिला कोणाच्या बांधीत? वरच्या बांधीतून पाणी खाली उतरतं म्हणून वरच्याला आधी, की खालची बाई एकटी आहे म्हणून तिला आधी? रात्रीची पाळी कोणाची? जो गोळ्याजवळ रात्रभर बसतो त्याच्या वाट्याला काय? तुम्हाला राक्षस आणायची गरजच राहत नाही.

हे मला सुचलं ते तलावांवरून. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या पट्ट्यात मालगुजारी तलाव, म्हणजे पूर्वी सारा वसूल करणाऱ्या मालगुजारांच्या ताब्यात असलेले सिंचनाचे तलाव, हजारोंनी आहेत. गोंड राजांच्या काळात कोहळी या शेतकरी समाजाच्या लोकांनी ते बांधायला घेतले, आणि पाळ म्हणजे तलावाचा बांध कुठे घालायचा, पाणी कुठून सोडायचं याची त्यांची जाण आजही पाहण्यासारखी आहे. 1950 च्या दशकाच्या सुरुवातीला मालगुजारी गेली, तलाव सरकारकडे आले, आणि पाळीची डागडुजी कोणी करायची, गाळ कोणी उपसायचा, पाणीपट्टी कोणी का द्यायची, यावर गावागावांत वाद उभे राहिले. तलाव तोच, पाणी तेच, मालक बदलला आणि अवघा व्यवहार बदलला. तुमच्या दुष्ट राजाने गोळा पळवून नेण्याऐवजी ‘आजपासून हा गोळा राज्याचा’ असा नुसता हुकूम काढला तर? गोळा जागच्या जागी राहील. फक्त त्याला पुसणारी, झाकणारी, रात्रभर बसणारी माणसं हळूहळू यायची बंद होतील. मला हा राजा जास्त भीतीदायक वाटतो. तलवार उपसणाऱ्यापेक्षा तर नक्कीच.

गोळ्यालाही गाळ असू द्या. वापरून तो गढूळ होतो, किंवा जड होतो, किंवा त्यावर क्षार चढतात. कोणीतरी तो खरवडून काढतं आणि त्या माणसाचे हात कायमचे पांढरे पडलेले असतात. एवढं पुरेसं आहे.

इथे एक मत स्पष्ट सांगून ठेवतो. ‘गोळा वापरला की वापरणाऱ्याचं आयुष्य कमी होतं’ हा नियम तुम्ही सगळ्या गोळ्यांना लावला आहे. तो काढा. आयुष्य कमी होणं कोणाला दिसत नाही, आणि नायकाच्या बाबतीत लेखक ते शेवटी विसरतोच. किंमत दुसऱ्या कोणाला तरी चुकवावी लागली पाहिजे, आणि ती दिसली पाहिजे. आगीचा गोळा पेटवला की सात घरांपलीकडची चूल विझते. वाऱ्याचा गोळा फिरवला की शेजारच्या गावात उपणायच्या दिवशीच वारा पडतो, खळ्यावर रास तशीच राहते. मग नायकाला गोळा वापरताना स्वतःचं नाही, दुसऱ्याचं तोंड आठवलं पाहिजे. आणि तो दुसरा माणूस पुढच्या प्रकरणात त्याच्यासमोर आलाच पाहिजे.

इथपर्यंतचं धरून ठेवा: राखणारा कोण, वजन किती, देतो किती, आणि बिल कोणाच्या नावावर. शक्तीचा विचार याच्या नंतर.

गोळे आले कुठून, हेही तुम्ही ‘देवांनी निर्मिले’ म्हणून एका ओळीत उरकलं आहे. चालतं, पण वऱ्हाड-झाडीचा माणूस इतक्या जवळचं साहित्य सोडून का देतो? बुलढाण्यातलं लोणार घ्या. काळ्या बेसाल्ट खडकावर उल्का आदळून झालेलं सुमारे 1.8 किलोमीटर व्यासाचं विवर. त्या धडकेत वितळलेल्या खडकाचे थेंब हवेत उडाले, गार होऊन काचेचे बारीक गोल कण झाले, ते अभ्यासकांना तिथे सापडले आहेत. तुमच्या जगात ते कण मोठे करा. मग गोळे एकाच दिवशी, एकाच जागी जन्मले, नवे कधी होणार नाहीत, आणि जितका गोळा मोठा तितका तो विवराच्या जवळ पडला. शोधणाऱ्यांना नकाशाच मिळाला. नागपूरजवळचं माहुरझरी वेगळी दिशा देतं. तिथे शिळावर्तुळं आहेत आणि प्राचीन काळी अकीक वगैरे दगडांचे मणी घडवण्याचं ते ठिकाण होतं, अर्धवट घडलेले मणीही मिळतात. गोळे कारागिरांनी घडवलेले असतील तर फसलेले गोळेही असले पाहिजेत. अर्धे कोरलेले, तडा गेलेले, भोक पाडताना फुटलेले. तुमच्या कथेत एकही फसलेला गोळा नाही. एखाद्या कारागिराच्या पडवीत टोपलीभर फुटके गोळे ठेवून पाहा, प्रत्येकात थोडी थोडी आणि वेडीवाकडी जादू उरलेली. गडचिरोलीतल्या वैरागडच्या हिऱ्यांच्या खाणीची नोंद तर अकबराच्या काळापासून आहे. खाणीतून निघणारे गोळे म्हटलं की जमीन कोणाची, हा प्रश्न पहिल्या पानावर येतो. तिन्हींपैकी एक निवडा. तिन्ही घेऊ नका.

स्मृतीचा गोळा तुमच्या पाचांत मला सर्वांत आवडला, आणि तुम्ही तो फक्त नायकाला त्याच्या मेलेल्या वडिलांचा निरोप ऐकवायला वापरला आहे. तो प्रसंग ठेवा, चांगला आहे. पण असा गोळा ज्या गावात आहे तिथे लोक तो सगळ्यात आधी धुऱ्याच्या, म्हणजे शेताच्या हद्दीच्या, भांडणात आणतील. आजोबांनी धुरा कुठे ठरवला होता, कोण काय बोललं होतं, काढा गोळा. आम्ही हाच प्रसंग एकदा खेळायला घेतला. पंच बसले, गोळा मधोमध चुंबळीवर, त्यातून आजोबांचा आवाज आला की धुरा बाभळीपासून. खेळ संपला असं मला वाटत होतं. तेवढ्यात सातवीतली एक मुलगी, जी खेळात प्रतिवादी होती, उठून म्हणाली, “पण काकाजी, गोळ्यानं ऐकलं म्हून ते खरं काहून? त्याच्यापुढं कोनी लबाड बोललं असन त?”

पुढचे दोन तास आम्ही त्यावरच होतो. गोळा बोलणं साठवतो, खरेपणा नाही. मग लोक गोळ्यापुढे जपून बोलायला लागतील. घरातली भांडणं गोळा असलेल्या खोलीबाहेर होतील. चतुर माणूस पुढच्या पिढीतला खटला जिंकण्यासाठी आजच, एकटाच, गोळ्यापुढे बसून खोटं बोलून ठेवील. आणि नायकाच्या वडिलांचा तो निरोप? तो कोणाला ऐकू यावा म्हणून बोलला होता, मुलाला, की आणखी कोणी ऐकेल हे वडिलांना माहीत होतं? तुमच्या चौथ्या प्रकरणातला भावुक प्रसंग यामुळे अधिक खोल जाईल, त्याला धक्का लागणार नाही.

वाटणीचंही ठरवा. गोळ्याचा मालक वारला, दोन पोरं आहेत. जमीन अर्धी करता येते, गोळा नाही. फोडला तर दोन्ही तुकडे निकामी, की दोन्ही अर्धे चालतात? की साल-साल आलटून पालटून? ज्याच्या साली दुष्काळ पडला त्याने गोळा परत द्यायला नकार दिला तर? याचं एक उत्तर ठरवून ते सगळ्या पुस्तकात पाळा.

काळाचा गोळा मात्र काढून टाका. मागे जाता येतं म्हटलं की वरचं सगळं फुकट जातं: चुकलेली पाळी दुरुस्त होते, जळालेला कापूस परत येतो, कोणाचंही देणं उरत नाही. तो सांभाळता येणारे लेखक आहेत, पण त्यांची साऱ्या पुस्तकाची रचनाच त्याभोवती असते. तुमची तशी नाही आणि असायची गरजही नाही. वाऱ्याचा गोळा ठेवायचा असेल तर त्याला खळ्यावर कामाला लावा, नाही तर तोही जाऊ द्या. तीन गोळे या कादंबरीला पुरतात.

आता प्रत्यक्ष काय करायचं ते सांगतो. पहिली दोन प्रकरणं सध्या हात लावू नका. तिसऱ्यात नायक तळघरात उतरून गोळा उचलतो, तिथून सुरुवात करा. तळघर नको. गोळा गावातच, वापरात असू द्या, रोवण्याच्या ऐन दिवसांत. नायकाच्या घरची पाळी तेराव्या नंबरवर आहे आणि गोळा राखणारी बाई त्याची मावशी आहे. राजाला हरवायला गोळा नेला पाहिजे हे नायकाला पटलेलं आहे, वाचकालाही पटू द्या. पण नेला तर या हंगामात सत्तावीस घरांचे पऱ्हे बांधावरच पिवळे पडणार, आणि त्या घरांतली माणसं आपण पहिल्या दोन प्रकरणांत भेटलेलो आहोत. मावशीला त्याचा बेत कळला आहे. तिने त्याला थांबवावं, की स्वतःची कमरेची चुंबळ सोडून त्याच्या हातात द्यावी, हे तुम्हीच ठरवा, ते मी सांगणं बरोबर नाही. एवढं लिहून झालं की मित्रांना फक्त तिसरं प्रकरण वाचायला द्या आणि शेवट काय होईल ते विचारा. दोघांनी दोन वेगळे शेवट सांगितले तर पुढे लिहा. राजाशी होणारी लढाई ठेवायची की नाही याचा विचार त्यानंतर. माझ्या मते ठेवा, पण ती सत्तावीस घरं त्या लढाईच्या वेळी कोणाच्या बाजूने उभी असतील ते आधी ठरवून घ्या.